बांधाखालचं अळू

एका डोंगराच्या उतारावर एक गाव होतं आणि त्या गावात हरबा नावाचा एक बागायतदार राहत होता. गाव इतकं उतरतं, की वरच्या अंगणातून सुटलेला नारळ खालच्याच्या पडवीत जाऊन थांबायचा आणि तो कोणाचा यावर दोन्ही घरं दुपारभर बोलायची. सपाट जमीन त्या गावाला देवाने दिलीच नव्हती. जी होती ती माणसांनी केलेली होती. उतारावर आडवा दगडी बांध घालायचा, त्याच्या पाठीशी माती भरायची आणि त्या मातीत पोफळी, केळी, मिरवेली लावायच्या. असे एकावर एक बांध डोंगराच्या गळ्यापर्यंत चढत गेले होते.

हे बांध कोरडे असत. म्हणजे त्यांत चुना नाही, चिखल नाही, नुसता दगडावर दगड. पण 'नुसता' हे बोलायला सोपं. खालचा थर कातळाला टेकलेला हवा. बांध अगदी सरळ उभा नको, जरासा डोंगराकडे रेललेला हवा. मधूनमधून एखादा लांब दगड आतपर्यंत घुसवायला हवा. आणि पाठीमागे एकदम माती लोटायची नाही. आधी दगडाच्या कपच्यांची भर घालायची, मग माती. म्हणजे मातीत मुरलेलं पाणी कपच्यांमधून खाली उतरतं आणि बांधाच्या फटींतून निघून जातं. माती जागेवर राहते, पाणी आपल्या वाटेला लागतं.

हे काम गावात हरबाइतकं कोणाला जमत नसे. कोणाला बांध घालायचा असला की हरबाला बोलावणं यायचं. तो दगड हातात घ्यायचा, उलटसुलट फिरवून बघायचा आणि एकदा ठेवला की तो दगड पुन्हा हलायचा नाही. कोणी कपच्यांचा कंटाळा करून मागे नुसती माती भरताना दिसला, तर हरबा तिथल्या तिथे त्याची खरडपट्टी काढायचा. "पाण्याशी कुस्ती खेळू नको," तो म्हणायचा. "त्याला वाट दे. ते आपल्या पायाने जाईल." हे वाक्य गावातल्या पोरांनासुद्धा पाठ होतं.

गावात एक जुना रिवाज होता. उतारावरच्या बांधाचा पाया खालूनच काढावा लागतो. म्हणजे बांध वरच्याचा, पण त्याचा पाय खालच्याच्या जागेत. तेव्हा खालच्याने पायापुरती जागा सोडायची आणि त्याबद्दल काही मागायचं नाही. मात्र पुढे कधी बांध ढासळला, तर खाली आलेले दगड खालच्याचे. वरच्याने त्यांवर हक्क सांगायचा नाही. या रिवाजामुळे वरचा माणूस आपला बांध पोटच्या पोरासारखा जपायचा. दगड गेले तर दुसरे आणायचे कुठून? खाण डोंगरापलीकडे, वाट खडी. एकदा बांध गेला की माती गेली, आणि माती गेली की बाग गेली.

हरबाच्या बागेतली माती तर मुळात डोंगराची नव्हतीच. तिथे होता निव्वळ कातळ. लग्न झालं त्या वर्षापासून हरबा आणि त्याची बायको द्वारका नदीकाठची गाळाची माती टोपल्यांनी डोक्यावरून वर आणत होती. पावसाळा सोडला तर एक दिवस खंड नाही. त्या टोपल्यांनी द्वारकेचे केस माथ्यावर विरळ झाले. मूलबाळ त्यांना झालं नाही. लोक विचारत, तेव्हा द्वारका बागेकडे बोट दाखवून म्हणायची, ही काय आमची लेकरं. आणि खरोखरच त्या पोफळी लेकरांसारख्या वाढल्या होत्या.

हरबाच्या बांधाखाली सुंदराबाईचं घर होतं. तिचा नवरा भानू हा हरबाचा लहानपणापासूनचा दोस्त. बांधाच्या पायासाठी जागा त्यानेच हसत हसत दिली होती आणि दगड लावायलाही तोच पुढे होता. भानू गेला आणि सुंदराबाई एकटी राहिली. तिच्याजवळ थोड्या पोफळी होत्या, आणि बांधाच्या अगदी पायाशी अळूचा एक वाफा होता. बांधातून झिरपणारं पाणी त्या वाफ्यात यायचं, त्यामुळे भर उन्हाळ्यातही ते अळू हिरवंगार असायचं. बाजाराच्या दिवशी ती पानांच्या जुड्या घेऊन जायची आणि येताना मीठमिरची, तेल घेऊन यायची. तिचा संसार त्या वाफ्यावर चालायचा. बाजाराला जाण्याआधी पहिली जुडी मात्र ती हरबाच्या घरी पोचवायची. भानू होता तेव्हापासूनची ती रीत होती.

हरबा माणूस वाईट नव्हता. कष्टाला मागे हटणारा नव्हता, कोणाचं काही हिसकावून घेणारा नव्हता. पण एक खोड होती. आपल्या पानात काय वाढलंय यापेक्षा शेजारच्या पानात काय पडलं, तिकडे त्याचा एक डोळा असायचा. जेवण कितीही चांगलं असू दे, त्या एका डोळ्यापायी माणूस उपाशी उठतो.

एकदा दिवाळीनंतर द्वारकेने अळूवड्या केल्या. हरबाने एक खाल्ली, दुसरी खाल्ली आणि म्हणाला, आपल्या परसातलं अळू असं का होत नाही? आपलं खाजतं, पानही तळहाताएवढंच. द्वारका तव्यावरची वडी उलटत होती. ती सहज थट्टेने म्हणाली, "आपण खत घालायचं, आपण पाणी घालायचं, आणि अळू व्हायचं खालच्या घरी. वडी तेवढी आपल्या वाट्याला आली, हे काय थोडं झालं?"

द्वारका हसली. हरबा हसला नाही. ती थट्टा त्याच्या मनात काट्यासारखी मोडून राहिली.

दुसऱ्या दिवशी सकाळी शिंपणं झाल्यावर तो बांधाखाली उतरून उभा राहिला. फटीफटींतून पाणी पाझरत होतं. त्यात शेणखताचा रंग उतरला होता. वरच्या झऱ्यापासून पाट काढून हे पाणी आणलं कोणी? हरबाने. पालापाचोळा कुजवून खत केलं कोणी? हरबाने. आणि ते सगळं थेंबाथेंबाने चाललं होतं सुंदराबाईच्या वाफ्यात. तिने त्यासाठी काडी हलवली नव्हती. इतकी वर्षं हे त्याच्या डोळ्यांसमोर चाललं होतं आणि त्याला कधी काही वाटलं नव्हतं. आता त्याला वाटलं, आपण मोठे मूर्ख.

आता बघा, ज्याने आयुष्यभर दुसऱ्यांना सांगितलं की पाण्याला वाट द्या, त्याला हे कळत नव्हतं असं नाही. कळत होतं. पण मनात एकदा मत्सर शिरला की तो आपल्याच ज्ञानाला वकील म्हणून उभा करतो. हरबाने स्वतःला समजावलं, की आपला बांध पक्का आहे, पाया कातळात आहे, दुसऱ्यांच्या बांधांची गोष्ट वेगळी. आणि त्याने चुना भिजवला.

बांधाच्या सगळ्या दर्जा, म्हणजे दगडादगडांमधले सांधे, त्याने भरून काढले. आधी फटींत कपच्या ठोकल्या, वरून चुना लिंपला. काम असं सुबक केलं की बांध एकसंध शिळेसारखा दिसायला लागला. जाणाऱ्या-येणाऱ्यांनी विचारलं, तेव्हा त्याने सांगितलं की फटींत साप शिरायला लागलेत. लोकांना जरा नवल वाटलं. पण बांधाच्या बाबतीत हरबाला शिकवणार कोण?

सुंदराबाई एवढं सगळं पाहत होती. शेवटची फट बुजली, त्या दुपारी ती वर आली. पदर सावरून म्हणाली, "भावोजी, माझ्या अळूचं राहू द्या. पण ते पाणी आता कुठे जाईल?"

हरबाला वाटलं, आली. अळूसाठीच आली, आणि वर म्हणते अळूचं राहू द्या. माणूस ज्या डोळ्याने बघतो तसंच त्याला दिसतं. तो म्हणाला, "वहिनी, बांध माझा आहे. त्याची काळजी मी करीन."

सुंदराबाईने त्याच्याकडे एकदा पाहिलं आणि ती गेली. पायाची जागा कोणी दिली, ते तिने काढलं नाही. काढलं असतं तर बरं झालं असतं. न बोललेली गोष्ट हरबाच्या कानात जास्त वेळ राहिली.

तो उन्हाळा हरबाला चांगला गेला. झिरपा बंद झाल्यामुळे बागेत ओल टिकली. केळीचे घड वाकायला आले. गावातले लोक येऊन बांध बघून गेले, आणि एकदोघांनी आपणही असंच करावं की काय, असं बोलूनही दाखवलं. हरबाने त्यांना हो म्हटलं नाही आणि नाहीही म्हटलं नाही.

खाली वाफा सुकत चालला. सुंदराबाई लांबच्या विहिरीवरून घागरीने पाणी आणायची आणि पेल्यापेल्याने घालायची. चैत्र संपता संपता अळू पिवळं पडलं. बाजाराच्या दिवशी ती जायची बंद झाली. तरी एका सकाळी तिने हरबाच्या घरी एक जुडी आणून दिली. पानं लहान, कडेने करपलेली. "यंदा एवढीच आली," ती द्वारकेला म्हणाली. बाजारासाठी तिने एकही पान ठेवलं नव्हतं.

द्वारकेने त्या पानांच्या वड्या केल्या आणि हरबाच्या पानात वाढल्या. हरबाने एक वडी मोडली आणि तशीच ठेवली. द्वारका समोर बसली आणि शांतपणे म्हणाली, "मी थट्टा केली होती हो. तुम्ही तिचा चुना केलात."

हरबाला लाज वाटली. खरोखर वाटली. त्याने पहार उचलली, बांधापर्यंत गेलासुद्धा. पण मग त्याला वाटलं, लोक विचारतील. साप गेले का, म्हणतील. हरबासारख्या माणसाने आपण घातलेला चुना आपण फोडायचा, म्हणजे चूक झाली असं गावभर सांगायचं. त्यापेक्षा पावसाच्या तोंडावर काहीतरी निमित्त काढून दोनचार फटी मोकळ्या करू. पाऊस तोंडावर आला, तेव्हा केळीच्या घडांची घाई होती. मग पाऊसच आला.

आषाढात डोंगरावर झड लागली. आभाळ खाली उतरून बसलं ते उठेचना. वरचे सगळे झरे फुटले. मातीत पाणी मुरत राहिलं, कपच्यांमधून खाली उतरत राहिलं आणि बांधाशी येऊन थांबत राहिलं. त्याला पुढे जायला वाट नव्हती.

एका दुपारी पाऊस जरा कमी झाला म्हणून हरबा बागेत गेला. पोफळींच्या मुळाशी पाऊल घोट्यापर्यंत रुतलं. त्याने कडेला येऊन वाकून पाहिलं. बांधाला मधोमध पोट सुटलं होतं. आयुष्यात त्याने इतरांचे असे बांध पाहिले होते आणि हे पोट आलं की पुढे काय होतं, ते त्याच्याइतकं कोणाला ठाऊक नव्हतं.

आणि बांधाखाली सुंदराबाई होती. वाफ्यात वाकून ती अळूचे कंद उपटून टोपलीत टाकत होती. पावसाच्या पाण्याने त्यांना पुन्हा कोंब आले होते, आणि ते दुसरीकडे लावावेत असं तिच्या मनात होतं.

हरबाने हाक मारली. पावसात ती पोचली नाही. तो पहार घेऊन धावतच खाली आला, सुंदराबाईला त्याने बाजूला व्हायला सांगितलं आणि बांधावर घाव घालायला लागला. चुन्याचे ढलपे उडाले. एका सांध्यातली कपची निखळली आणि मनगटाएवढी गढूळ धार बाहेर आली. तो दुसऱ्या सांध्याकडे वळला. आपण घातलेलं आपणच फोडत होता, आणि आता कोण काय म्हणेल याचं त्याला भान नव्हतं. वरचा एक दगड किंचित हलला. तो त्याला दिसला नाही. सुंदराबाईला दिसला. तिने त्याचा दंड धरून त्याला असा ओढला, की दोघंही वाफ्याबाहेर चिखलात जाऊन पडली.

मग बांध गेला. फार मोठा आवाज झाला नाही. पोट फुटलं, दगड सुटले आणि त्यांच्यामागून बागेची माती खाली आली. नदीकाठची माती, टोपलीटोपलीने वर नेलेली. दोन पोफळी आडव्या झाल्या. केळी चिखलात गेल्या. अळूचा वाफा दिसेनासा झाला आणि मातीचा लोंढा सुंदराबाईच्या पडवीपर्यंत येऊन थांबला. जे थेंबाथेंबाने द्यायला हरबाचा जीव होत नव्हता, ते सगळं एका दमात गेलं.

द्वारका वर कडेला उभी होती. ती डोक्यावरून नुसता हात फिरवत राहिली, जिथे केस विरळ झाले होते तिथे. हरबाने ते खालून पाहिलं आणि त्याला वाटलं, आपण बांधाबरोबर गेलो असतो तर बरं झालं असतं.

पाऊस उघडल्यावर गाव जमलं. जाणत्यांनी सगळं पाहिलं आणि रिवाज सांगितला. दगड खाली आलेत, दगड सुंदराबाईचे. सांगताना त्यांनाही वाईट वाटत होतं, कारण दगड गेले म्हणजे हरबाची उरलेली बागही पुढच्या पावसात जाणार, हे सगळ्यांना दिसत होतं. कोणीतरी म्हणालं की सापांपायी बिचाऱ्याचा घात झाला.

तेव्हा हरबा पुढे आला. मान खाली घालून म्हणाला, "साप नव्हते. वहिनींच्या वाफ्याला पाणी जाऊ नये, म्हणून मीच फटी बुजवल्या. दगड त्यांचे आहेत. मी मागणार नाही."

सुंदराबाई दगडांच्या ढिगाशी गेली. एका दगडावर हात ठेवून तिने विचारलं, "हे माझे ना? मग मी सांगेन तिथे लागतील?"

जाणते हो म्हणाले. तिला घराभोवती कुंपण हवं असेल, असं लोकांना वाटलं. सुंदराबाईने हात वर केला आणि जिथे बांध होता ती उघडी पडलेली दरड दाखवली. "तिथे लावा," ती म्हणाली. "त्यांची माती वर राहिली, तरच माझं घर खाली राहील. बांध कधी एकट्याचा असतो काय?"

हरबाने पुढे होऊन त्या दगडाला हात लावला. मग त्याने विचारलं, "आणि फटी, वहिनी?"

"त्या किती ठेवायच्या," सुंदराबाई म्हणाली, "ते मी तुम्हाला सांगायचं का, भावोजी?"

पाऊस संपला तसं काम सुरू झालं. गावातले लोक मदतीला आले. पूर्वी हरबा ज्यांची खरडपट्टी काढायचा, तेही आले आणि कपच्यांची भर घालताना त्याच्याकडे बघून गालात हसले. हरबाने ते हसू मुकाट्याने घेतलं, कारण ते त्याचंच होतं. प्रत्येक दगडाला चिकटलेला चुना त्याने स्वतः खरवडून काढला. बांध पूर्वीसारखा कोरडा घातला, आणि पायाशी, जिथे वाफा होता तिथे, हात जाईल एवढ्या मोकळ्या वाटा ठेवल्या. खाली आलेली माती द्वारका आणि तो पुन्हा टोपल्यांनी वर नेऊ लागले. वाफ्यावरची माती मात्र हरबाने उचलली नाही. सुंदराबाईने दोनदा सांगितलं, तरी नाही. त्या मातीत तिने टोपलीतले वाचलेले कंद लावले.

पुढच्या वर्षी अळू असं माजलं, की एका पानाखाली कोंबडी पिलांसकट बसावी. बाजाराच्या दिवशी सकाळी पहिली जुडी हरबाच्या घरी आली. द्वारकेने वड्या केल्या, तव्यावरची एक उलटली आणि नवऱ्याकडे न बघता विचारलं, "का हो, खत कोणाचं आणि पाणी कोणाचं?"

हरबाने पान पुढे सरकवलं. "तू वाढ," तो म्हणाला. "आणि त्यातल्या चार खाली देऊन ये."

तात्पर्य: माती धरावी आणि पाणी सोडावं, यातच बांधाचं बळ आहे; शेजाऱ्याला मिळू नये म्हणून जे आपण अडवून धरतो, ते एक दिवस आपलाच बांध फोडून जातं.